पडद्यामागची हजेरी



वसंत व्याख्यानमालेच्या चालकांनी आम्हांला इतिहासावर बोलावयास सांगितले, तेव्हा त्यांची अपेक्षा बहुधा अशी असावी की, आम्ही हमाल-मापाड्यांच्या चळवळीचा इतिहास सांगू. आमचे आयुष्य त्यातच गेले आहे. परंतु तो विषय आपल्यापैकी पुष्कळांनी आमच्या तोंडून मोंढ्यातल्या ओट्यावर ऐकला आहे. आणि ज्यांनी ऐकला नाही, त्यांनी आम्हांला पाहताच वाट वाकडी केलेलीही आम्ही पाहिली आहे. म्हणून आज विषय घेतला आहे तो चित्रपटांचा. मराठी माणसांनी काढलेले अद्भुताचे, साहसाचे आणि चमत्कारांचे चित्रपट सातासमुद्रापलीकडे कसे गेले, जाताना त्यांच्याबरोबर कोणाची नावे गेली आणि कोणाची मागे राहिली, असा हा विषय आहे.

आम्ही चित्रपटांचे पंडित नव्हे. आमची शाळा सातवीला सुटली. पुढचे शिक्षण झाले ते वाचनालयाच्या बाकावर आणि युनियनच्या कचेरीत. चित्रपट पाहिले ते जत्रेतल्या तंबूत आणि दसऱ्याच्या दिवसांत हिंगोलीस येणाऱ्या खेळांत, जमिनीवर पोते अंथरून. तेव्हा पडद्यावर नावांची पाटी सुरू झाली की आम्ही पोरे ओरडत असू, कारण नावे म्हणजे खेळ सुरू होण्यातला अडथळा, एवढेच आम्हांला ठाऊक होते. त्या पाटीकडे नीट पाहण्याची बुद्धी आम्हांला फार उशिरा झाली, आणि ती एका भांडणामुळे झाली. आधी ते भांडण सांगतो.

आपल्याच भागातल्या एका गावी एक चित्रपटगृह होते. आता ते नाही. तेथे एक गृहस्थ यंत्रावर होते. ऑपरेटर म्हणत त्यांना. सव्वीस वर्षे त्यांनी त्या कोंदट खोलीत काढली. दोन यंत्रे शेजारी शेजारी. एकात कार्बनच्या कांड्या जळत असत, त्यांच्यातले अंतर हाताने सांभाळावे लागे. एक रीळ संपत आले की पडद्याच्या कोपऱ्यात ठिपका चमके आणि त्या क्षणाला दुसरे यंत्र चालू करावे लागे. क्षणभर चुकले की खाली शिट्ट्या. चित्रपटाची पत्र्याची पेटी एस.टी.च्या टपावरून येई. ती उतरवून घेणे, तुटलेली पट्टी ब्लेडने कापून जोडणे, खेळ संपल्यावर पेटी पुढच्या गावाला रवाना करणे, हे सारे त्यांच्याच गळ्यात. पुढे ते चित्रपटगृह बंद पडले आणि ते आमच्याकडे आले.

उपदानाचा कायदा तेव्हा १९७२ सालचा होता. सलग पाच वर्षे नोकरी झालेल्याला दर वर्षामागे पंधरा दिवसांचा पगार मिळावा, असे तो कायदा सांगत असे. आम्हांला वाटले, प्रकरण सोपे आहे. परंतु मालकाच्या बाजूने उत्तर आले ते असे की, हा मनुष्य आमच्याकडे नोकरीस नव्हताच! हजेरीपट मागितला, तर तो नव्हता. पगाराची पावती नव्हती. सव्वीस वर्षे ज्या माणसाने गावाला चित्रपट दाखवला, तो कागदावर जन्मालाच आलेला नव्हता. कचेरीच्या पायरीवर बसून ते आम्हांला म्हणाले, “भाऊ, इतक्या लोकायचे नावं पडद्यावर दावले म्या, महं नाव कुठंच नाही.”

अखेर उपयोगी पडल्या त्या त्यांच्या घरच्या ट्रंकेतल्या पावत्या. एस.टी.ने आलेली पेटी उतरवून घेताना त्यांनी सह्या केल्या होत्या, आणि त्यांतल्या पुष्कळशा पावत्या त्यांनी जपून ठेवल्या होत्या. का ठेवल्या, ते त्यांनाही सांगता आले नाही. त्या सह्यांच्या जोरावर तडजोड झाली. कायद्याने मिळावयास हवे होते त्याच्या निम्म्याहून कमी मिळाले. हा आमचा विजय नव्हे, हे आम्ही तेव्हाही म्हणालो आणि आजही म्हणतो. पण त्या दिवसापासून पडद्यावरची नावांची पाटी आम्ही वेगळ्या डोळ्यांनी पाहू लागलो. ती पाटी म्हणजे एक हजेरीपटच असतो. आणि हजेरीपट म्हटला की आमच्यासारख्याची पहिली शंका हीच की, यात कोण लागले आहे आणि कोण सुटले आहे?

आता मूळ विषयाकडे वळू.

दादासाहेब फाळके यांचे नाव सर्वांना ठाऊक आहे. १९१२ साली ते विलायतेस गेले, तंत्र पाहून आणि कॅमेरा घेऊन परत आले, आणि ३ मे १९१३ रोजी मुंबईत गिरगावातल्या कॉरोनेशन चित्रपटगृहात त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसमोर आला. त्या काळी नाटकात काम करणे कमीपणाचे मानीत, मग या नव्या खेळाची तर गोष्टच सोडा. तेव्हा फाळक्यांनी आपल्या माणसांना सांगून ठेवले होते की, कोणी विचारले तर आम्ही हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहोत, असे सांगा. याच नावाचा एक चित्रपट पुढे २००९ साली परेश मोकाशी यांनी काढला, तो आपण पाहिला असेल. लोक या गोष्टीला हसतात. आम्हांला मात्र तीत हसण्यासारखे काही दिसत नाही. फाळक्यांनी लाजेखातर जे सांगितले तेच खरे होते. ती फॅक्टरीच होती.

त्या फॅक्टरीचे कामगार कोण? तारामतीचे काम करावयास बाई मिळेना. तेव्हा ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके यांना फाळक्यांनी दरमहा पंधरा रुपयांवर आणले. पुढे १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये याच साळुंक्यांनी रामही केला आणि सीताही केली. एक पगार आणि दोन पाळ्या, असे आमच्या भाषेत म्हणता येईल! दुसऱ्या कामगार घरातल्याच. सरस्वतीबाई फाळके. त्यांनी दागिने दिले, एवढे आपण शाळेत शिकतो. परंतु अंधाऱ्या खोलीत बसून कोऱ्या फिल्मच्या कडांना भोके पाडणे, रसायने कालवणे, फिल्म धुणे, उन्हात पांढरी चादर धरून नटाच्या तोंडावर उजेड पाडणे, आणि वर साऱ्या मंडळींचा स्वयंपाक, ही कामे त्यांनी केली. फिल्मच्या कडेची भोके जरा वाकडी पडली, तर पडद्यावरचा राजा हरिश्चंद्र डुगडुगू लागे. म्हणजे सत्यवचनी राजाचे स्थैर्य सरस्वतीबाईंच्या बोटांत होते.

१९१४ साली फाळके आपले तीन चित्रपट घेऊन पुन्हा लंडनला गेले: ‘राजा हरिश्चंद्र’, ‘मोहिनी भस्मासुर’ आणि ‘सत्यवान सावित्री’. तेथील जाणकारांनी ते पाहिले आणि वाखाणले. तिकडेच राहून चित्रपट काढण्याचे निमंत्रणही त्यांना मिळाले. ते त्यांनी नाकारले, कारण त्यांना हा धंदा आपल्या देशात उभा करावयाचा होता. त्याच वर्षी महायुद्ध पेटले आणि साराच बेत बिघडला. मराठी माणसाने काढलेला चित्रपट परदेशी गेल्याची ही पहिली कथा. त्या वेळी लंडनच्या पडद्यावर साळुंके दिसले असतील. सरस्वतीबाई दिसण्याचा प्रश्नच नव्हता. त्यांचे काम पडद्यावर होते, त्या मात्र नव्हत्या.

यानंतर आपण कोल्हापूरला जाऊ. तेथे बाबूराव पेंटरांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली. कॅमेरा परवडेना, म्हणून त्यांनी तो स्वतः घडवला. त्यात त्यांना हात दिला तो विष्णुपंत दामले यांनी. १९२५ साली याच कंपनीने ‘सावकारी पाश’ काढला. शेतकऱ्याची जमीन सावकाराकडे जाते आणि तो शहरात जाऊन गिरणीत लागतो, ही त्याची कथा. त्या तरुण शेतकऱ्याचे काम केले होते शांताराम वणकुद्रे यांनी, म्हणजेच आपल्या व्ही. शांताराम यांनी. कंपनीत येण्यापूर्वी ते हुबळीच्या रेल्वे कारखान्यात होते आणि पत्र्याच्या चित्रपटगृहात पडेल ते काम करीत होते. ही माणसे वरून उतरलेली नव्हती. हातोडी, कुंचला आणि केरसुणी यांची त्यांना लाज नव्हती.

यांतलेच चार कामकरी, विष्णुपंत दामले, शेख फत्तेलाल, केशवराव धायबर आणि व्ही. शांताराम, आणि त्यांना भांडवल पुरवणारे सीतारामपंत कुलकर्णी, अशा पाच जणांनी १ जून १९२९ रोजी कोल्हापुरात ‘प्रभात’ची स्थापना केली. १९३३ साली कंपनी पुण्यास आली. दामल्यांच्याकडे ध्वनी, फत्तेलालांकडे कला, शांतारामांकडे दिग्दर्शन, असे काम वाटलेले होते. नट-नटी मासिक पगारावर असत. वेळेवर यावे, ठरलेले काम करावे, अशी शिस्त होती. कारखान्याचा भोंगा नव्हता, एवढेच काय ते उणे.

प्रभातला कुटुंबाची उपमा देण्याची आपल्याकडे रीत आहे. ती खोटी आहे, असे आम्ही म्हणणार नाही. त्या मंडळींत जिव्हाळा होता, याची साक्ष अनेकांनी दिली आहे. परंतु तीस वर्षांच्या अनुभवाने आम्हांला एक खोड लागली आहे. जो मालक आपल्या कारखान्याला कुटुंब म्हणतो, त्याच्याकडे आम्ही जरा अधिक निरखून पाहतो. कुटुंबात हजेरीपट नसतो. मालक पाच होते आणि बाकीचे पगारी होते, हे विसरून प्रभातचा इतिहास लिहिता येणार नाही.

याच प्रभातने १९३६ साली ‘अमर ज्योती’ नावाचा हिंदी बोलपट काढला. आमच्या आजच्या विषयाच्या मध्यभागी हाच चित्रपट आहे. ना पुराण, ना इतिहास, निव्वळ कल्पनेची आणि साहसाची गोष्ट. सौदामिनी नावाची एक स्त्री. तिचे मूल तिच्यापासून हिरावले जाते आणि राज्याचा मंत्री दुर्जय तिला न्याय नाकारतो. तेव्हा ती समुद्रावर जाते, चाच्यांची टोळी उभारते आणि ज्या राज्याचा कायदा स्त्रीला गुलाम समजतो, त्या राज्याशीच युद्ध पुकारते. सौदामिनी झाल्या होत्या दुर्गाबाई खोटे, दुर्जय होते चंद्रमोहन, आणि राजकन्या नंदिनी शांता आपटे. कथा के. नारायण काळे यांची, संगीत मास्तर कृष्णरावांचे, दिग्दर्शन शांतारामांचे. ज्या काळात आपल्याकडे विधवेच्या केसांवरून वाद चालत, त्या काळात डोळ्यांत अंगार घेतलेली, हाती शस्त्र धरलेली ही बाई लोकांनी पडद्यावर पाहिली.

पण जहाजाची डोलकाठी, दोर, शिडे, ढाली-तलवारी, चाच्यांचे पोशाख हे काही गोष्टीतून आपोआप पडद्यावर उतरत नाहीत. अद्भुत जितके मोठे, तितके सुतारकाम मोठे, हा या धंद्याचा नियम आहे. साध्या घरगुती चित्रपटाला चार भिंती पुरतात. न पाहिलेले राज्य उभारावयाचे तर रंगारी, शिंपी, लोहार, दिवे ओढणारे, दोर खेचणारे असे शंभर हात लागतात. प्रेक्षकाला त्यातला एकही हात दिसू नये, हीच त्या कामाची कसोटी. आमच्या हमालाने पोते नीट रचले की ते कोणी रचले हे कोणी विचारीत नाही. थप्पी कोसळली तरच नाव निघते. तसेच हे.

‘अमर ज्योती’ १९३६ साली इटलीत व्हेनिसच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात दाखवला गेला. येथे क्षणभर थांबून त्या वेळचे इटली आठवले पाहिजे. हा महोत्सव १९३२ साली सुरू झाला. तेव्हा देशात मुसोलिनीची सत्ता होती आणि महोत्सवातल्या मोठ्या पारितोषिकाला त्याचेच नाव होते. १९२६ पासून त्या देशात स्वतंत्र कामगार संघटनांना बंदी होती. नुकतेच अबिसीनियाचे राज्य गिळून झाले होते. अशा देशात, परक्या सत्तेखालच्या हिंदुस्थानातून आलेली एक बंडखोर बाई पडद्यावरून सांगत होती की, गुलामीचा कायदा मी मानणार नाही. पाहणाऱ्यांतल्या किती जणांना ते शब्द लागले असतील? अद्भुताची हीच सोय आहे. जे उघड बोलता येत नाही, ते चाच्याच्या तोंडी घालता येते आणि पहारेकरी ते परीकथा समजून आत सोडतो.

पुढच्याच वर्षी, १९३७ साली, त्याच व्हेनिसला प्रभातचा ‘संत तुकाराम’ गेला आणि त्याला सन्मानपत्र मिळाले. जगातल्या तीन उत्तम चित्रपटांत त्याची गणना झाली, असे तेव्हापासून आपल्याकडे अभिमानाने सांगितले जाते. मुंबईच्या सेंट्रल चित्रपटगृहात तो सलग सत्तावन्न आठवडे चालला. दिग्दर्शन दामले आणि फत्तेलाल यांचे. एक हिंदू आणि एक मुसलमान, दोघेही हाताने काम करून वर आलेले, आणि दोघांनी मिळून वारकऱ्यांचा तुकोबा पडद्यावर आणला. हे आजच्या दिवसांत दोनदा सांगितले तरी चालेल.

या चित्रपटातले चमत्कार आपणांस आठवत असतील. शेवटी तुकोबांना न्यावयास विमान येते. आम्ही लहानपणी तंबूत ते पाहिले तेव्हा आमच्या आईने हात जोडले होते. आता वाटते, त्या विमानाला दोर होता आणि दोराला माणूस होता. हे म्हणताना आईच्या भक्तीचा उपमर्द करावा, असा आमचा हेतू नाही. उलट, ज्या माणसाच्या दोर ओढण्याने हजारोंचे हात जोडले गेले, त्याचे काम आम्हांला अधिक मोलाचे वाटते.

परंतु या चित्रपटातले आमचे दैवत वेगळेच आहे. तुकोबांच्या पत्नीचे, जिजाईचे काम करणाऱ्या गौरी या व्यवसायाने नटी नव्हत्या. प्रभातच्या कारखान्यात त्या झाडलोट करण्यासाठी आल्या. मग गर्दीतली किरकोळ कामे मिळाली, आणि तेथून त्या जिजाईपर्यंत पोहोचल्या. तुकोबा विठ्ठलात रमलेले आणि घरात दाणा नाही, पोर आजारी. तेव्हा ही बाई संतापून देवळात जाते ती पायातले हातात घेऊन, प्रत्यक्ष देवाला जाब विचारावयास! एकटीचा मोर्चाच तो. त्यातला राग नाटकशाळेत शिकून येत नाही. ज्या बाईने हातात झाडू धरला आहे, तिलाच रिकामे डबे कसे वाजतात ते ठाऊक असते. विष्णुपंत पागनीस यांच्या तुकोबाला आम्ही नमस्कार करतो. पण तुकोबा जमिनीवर राहिले ते गौरीबाईंच्या जिजाईमुळे, असे आमचे मत आहे.

आणि तरीही आम्हांला प्रश्न पडतो तो असा की, झाडणाऱ्या एका बाईला पडद्यावर जागा मिळाली, म्हणून तिचे नाव आज घेता येते. तिच्याबरोबर त्याच अंगणात झाडू मारणाऱ्या दुसऱ्या बाया कोण होत्या? व्हेनिसच्या सन्मानपत्रात त्यांचाही वाटा आहे, असे आम्ही म्हटले तर आपण हसाल. हसा, पण उत्तर द्या.

एक गंमत सांगतो. ‘संत तुकाराम’मधला एक अभंग लोकांना इतका तुकोबांचा वाटला की, तो गाथेत कोठे आहे याचा शोध जाणकारांनीही घेतला. तो शांताराम आठवले यांनी त्या चित्रपटासाठी लिहिलेला होता. कामगाराच्या कौशल्याची ही परमावधी, आणि त्याच्या नावाच्या लोपाचीही. काम इतके उत्तम झाले की करणारा नाहीसा झाला!

चित्रपट परदेशी जाताना नावे गळतात, तशी कधी कधी खुद्द गोष्टही गळते. याचे सर्वांत बोलके उदाहरण आपल्या देशातले नव्हे, जपानचे आहे. आपल्या विषयाशी त्याचा निकटचा संबंध असल्याने तेवढे सांगून परत येतो.

तोक्योमध्ये तोहो नावाची मोठी चित्रपट कंपनी आहे. युद्धानंतर तेथील कामगारांनी बळकट युनियन बांधली आणि १९४६ पासून दोन वर्षांत तीन मोठे लढे दिले. तिसरा लढा १९४८ सालचा. कंपनीने मोठी कामगारकपात जाहीर केली, तेव्हा कामगारांनी स्टुडिओतच ठाण मांडले. सुतार, रंगारी, दिवेवाले, नट आणि दिग्दर्शक एकाच बाजूला होते. १९ ऑगस्ट १९४८ रोजी त्यांना बाहेर काढण्यासाठी पोलिसांचा मोठा जथा आला, अमेरिकन लष्कराचे रणगाडे आले आणि वर विमाने घिरट्या घालू लागली. लढाऊ जहाजे तेवढी यावयाची राहिली, असे पुढे लोक म्हणत. बोलपट काढणाऱ्यांवर रणगाडे! ऑक्टोबरात तो लढा कामगारांच्या पुढाऱ्यांनी पद सोडून संपला.

सहा वर्षांनी याच कंपनीतून ‘गोजिरा’ निघाला. जगाला तो ‘गॉडझिला’ या नावाने ठाऊक आहे. त्यामागे एक खरी घटना होती. १ मार्च १९५४ रोजी अमेरिकेने बिकिनी बेटांवर हायड्रोजन बाँबची चाचणी केली आणि तिची विषारी राख एका जपानी मासेमारी नौकेवर पडली. नौकेवर तेवीस खलाशी होते. त्यांतले बिनतारी यंत्रावर काम करणारे कुबोयामा २३ सप्टेंबरला वारले. ३ नोव्हेंबरला चित्रपट लागला. बाँबच्या चाचणीने जागा झालेला एक प्रचंड प्राणी समुद्रातून येतो आणि शहर तुडवतो. त्याचा पहिला घास कोण? जहाजावरचे खलाशी. दिग्दर्शक इशिरो होंडा, यांत्रिक करामती एइजी त्सुबुराया यांच्या. प्राण्याच्या अंगरख्यात शिरून चालत होते हारुओ नाकाजिमा. तो अंगरखा शंभर किलोच्या घरात होता आणि दिव्यांच्या उष्णतेत काही मिनिटांहून अधिक वेळ त्यात राहवत नसे. म्हणजे आमच्या मोंढ्यातले क्विंटलचे पोते पाठीवर घेऊन आगीजवळ नाचावे, तसे ते काम. पायाखाली तुडवले गेलेले शहर कारागिरांनी एकेक खिडकी बसवून उभारलेले होते.

हा चित्रपट १९५६ साली अमेरिकेत लागला तेव्हा त्याची छाटणी झाली. शहाण्णव मिनिटांचा ऐंशी मिनिटांचा झाला. त्यात रेमंड बर नावाच्या अमेरिकन नटाची नवी दृश्ये घातली. तो बातमीदार होऊन जपानी दिसणाऱ्या पाठमोऱ्या माणसांशी बोलतो, म्हणजे जोड कळू नये! आगगाडीतले उतारू नागासाकीची आणि दूषित माशांची गोष्ट बोलतात, ते गेले. अशा चाचण्या चालूच राहिल्या तर दुसरा प्राणीही येईल, हा शेवटचा इशारा गेला. राक्षस राहिला, त्याला जागे करणारा हात पुसला गेला. मूळ चित्रपट अमेरिकेतल्या सर्वसाधारण प्रेक्षकांपुढे नीट यावयास २००४ साल उजाडले, म्हणजे जवळजवळ पन्नास वर्षे लागली.

आम्ही हे वाचले तेव्हा आम्हांला आमचा ऑपरेटर आठवला. ज्याने झीज सोसली त्याचेच नाव कापावयाचे, ही कात्री सगळीकडे सारखीच चालते. आपल्या चित्रपटांवर व्हेनिसला अशी कात्री चालली असे नव्हे. परंतु न कापताही माणसे गळू शकतात. पाटीवर नाव घातलेच नाही, तर कापावे लागत नाही.

आता प्रभातचा शेवट. १९४२ साली शांताराम बाहेर पडले आणि मुंबईस त्यांनी राजकमल कलामंदिर काढले. त्यांची १९४३ सालची ‘शकुंतला’ १९४७ साली न्यूयॉर्कच्या पडद्यावर गेली. इकडे १९४५ साली दामले वारले. १९५३ साली प्रभात बंद पडले. १९६० साली त्याच आवारात सरकारने चित्रपटांचे शिक्षण देणारी संस्था सुरू केली, आणि १९६४ साली पुण्यातच राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले. म्हणजे इमारत राहिली आणि काही फिल्मही राहिल्या. माणसांचे काय? चित्रपट कामगारांशी लेखी करार झाला पाहिजे, आणि पाच किंवा अधिक माणसे असलेल्या चित्रपटगृहातल्या कामगारांना भविष्यनिर्वाह निधी व उपदान मिळाले पाहिजे, असा कायदा संसदेने केला तो १९८१ साली. पुढे त्याची तरतूद २०२० च्या संहितांत विलीन करण्यात आली. सरस्वतीबाईंनी फिल्मला भोके पाडली तेव्हापासून मोजले, तर अडुसष्ट वर्षांनी कायद्याला पडद्यामागचा माणूस दिसला. आणि कायद्याला दिसला तरी आमच्या ऑपरेटरच्या मालकाला दिसला नव्हता, हे आपण ऐकलेच आहे.

कोणी म्हणेल, चित्रपट ही कला आहे. ती दिग्दर्शकाची, नटाची, कवीची. ताजमहालाच्या गवंड्यांची नावे विचारण्यासारखे हे आहे. आमचे उत्तर असे की, शांतारामांचे, दामल्यांचे, फाळक्यांचे मोठेपण आम्ही नाकारीत नाही. ते स्वतः हाताने काम करणारे होते, म्हणून तर आम्हांला ते जवळचे वाटतात. दुर्गाबाईंवाचून सौदामिनी नाही, हेही खरे. परंतु एकाचे नाव घेतल्याने दुसऱ्याचे पुसले जावे, असा काही निसर्गनियम नाही. पाटी मोठी करता येते. आजच्या चित्रपटांच्या शेवटी शेकडो नावे वर सरकत जातात. ती आपोआप आलेली नाहीत. ठिकठिकाणच्या संघटनांनी ती मागून, भांडून मिळवलेली आहेत. आणि आपण काय करतो? नावे सुरू झाली की उठतो, चपला शोधतो. तंबूत ओरडणारी पोरे आणि आपण, यांत फारसे अंतर नाही.

आपण ज्या मातीत बसलो आहोत तिने हा धडा फार पूर्वी दिला आहे. येथून जवळच नर्सी आहे, नामदेवांचे गाव. नामदेवांची वाणी पंजाबपर्यंत गेली आणि त्यांची एकसष्ट पदे गुरुग्रंथसाहेबात आहेत. परप्रांती जाऊनही ती नामदेवांचीच राहिली, कारण संतांनी आपल्या पदांत नाममुद्रा ठेवली होती. आणि पलीकडे गंगाखेडच्या जनाबाई. दळणारी, कांडणारी, झाडणारी ती बाई. तिनेही आपल्या अभंगांत आपले नाव घातले. आपण दासी आहोत हेही घातले. सातशे वर्षे होत आली, तिला कोणी त्या हजेरीपटावरून काढू शकलेले नाही.

म्हणून शेवटी एक काम सांगतो. व्याख्यान ऐकून काम अंगावर येते, हा आमच्या सभांचा दोष आपल्याला ठाऊकच आहे. आपल्या जिल्ह्यात जत्रांतून तंबू लावणारे, गॅसबत्ती धरणारे, गाडीवर बसून कर्ण्यातून जाहिरात पुकारणारे, तिकिटे फाडणारे, पेट्या उतरवणारे, यंत्र चालवणारे असे पुष्कळ लोक होऊन गेले; काही अजून हयात आहेत. ते साठीच्या, सत्तरीच्या पुढे गेले आहेत. त्यांच्याकडे जावे, विचारावे, लिहून घ्यावे: नाव, गाव, किती वर्षे, काय काम, काय पगार. वाचनालयाच्या चालकांनी त्यासाठी एक वही ठेवण्याचे मान्य केले आहे. त्या वहीतले पहिले नाव आम्ही परवाच घातले. पुढे त्यांची सव्वीस वर्षे लिहिली आणि सहीसाठी वही त्यांच्यापुढे केली. त्यांनी चष्मा पुसला, सही केली, आणि विचारले, “पावती भेटते का याची?”

दिली आम्ही पावती.